मार्साकनं न लिहिलेलं पत्र

एतिएन मार्साकची जपानमधली नोकरी माझ्यामुळे गेली. हे वाक्य मी आज पहिल्यांदा लिहितो आहे. बोललो तर कधीच नाही. वृंदा माझी बायको, पण तिलाही ते ठाऊक नाही. तिची समजूत अशी की तो हट्टी होता आणि जपानी कंपनीत हट्टी माणसाचा निभाव लागत नाही. बाकीच्यांचीही तीच समजूत होती. ती तशी व्हावी एवढी काळजी मी घेतली होती.

नव्वदच्या दशकात मी नागोयाजवळच्या एका कारखान्यात होतो. मोटारींच्या ब्रेकचे भाग बनवायची ती कंपनी. आमच्या पुण्याच्या कंपनीशी तिचा करार झाला, मला जपानी येत होतं, म्हणून चार वर्षांसाठी मला तिकडे पाठवलं. तिथल्या मोठ्या कारखान्यांचे स्वतःचे खेळाचे संघ असतात. आमच्या कंपनीचा हँडबॉलचा होता. पोरं सकाळी लेथवर उभी राहायची आणि दुपारनंतर जिममध्ये सरावाला जायची. या संघात त्यांनी फ्रान्सहून एक व्यावसायिक खेळाडू आणला. वय तेहतीस, एक गुडघा एकदा उघडून शिवलेला. दोन मोसम खेळायचं आणि सगळं नीट झालं तर नंतर त्याच संघाचा प्रशिक्षक व्हायचं, असं ठरलं होतं.

त्याला दुभाष्या हवा होता. शाळेत मी तीन वर्षं फ्रेंच घेतलं होतं, हे जनरल अफेअर्स खात्याच्या निवा-सानांनी माझ्या कागदांतून शोधून काढलं. परदेशी माणसाला परदेशी माणूस कळतो, असाही त्यांचा एक समज होता. प्रत्यक्षात आम्ही मोडक्या इंग्रजीत बोलायचो आणि अडलं की फ्रेंचचं ठिगळ लावायचो. कंपनीत सगळे मला 'रेरे-सान', म्हणजे लेलेसाहेब, म्हणत, कारण 'ल' त्यांच्या जिभेला वळत नाही. 'लेले' असं स्वच्छ म्हणणारा त्या इमारतीत मार्साक एकटाच.

पहिल्याच दिवशी त्यानं मला जिमच्या पायरीवर बसवलं आणि दोन्ही पंजे पसरून माझ्यासमोर धरले. दहांतली सहा बोटं वाकडी. प्रत्येक बोटाला माणसाचं नाव होतं. हे अमक्या गावच्या गोलरक्षकानं मोडलं, हे तमक्यानं दारात चेंगरलं, हा अंगठा माझ्याच संघातल्या एका हरामखोराचा. दुसऱ्या कुणी आपली कारकीर्द सांगताना चषक सांगितले असते, गोल सांगितले असते. मार्साकनं बोटं सांगितली. दक्षिण फ्रान्समधल्या एका बंदराच्या गावात बाप गोदीत हमाली करायचा. शाळेच्या जिममध्ये हँडबॉलची गोडी लागली, दुसऱ्या दर्जाच्या क्लबात चार वर्षं, मग वरच्या दर्जात सहा. राष्ट्रीय संघाच्या दारापर्यंत गेला, आणि एका सहकाऱ्यानं त्याच्या गुडघ्याची बातमी निवड करणाऱ्यांच्या कानांवर घातली. क्लब पुढे बंद पडला. एवढंच चरित्र. मधल्या सगळ्या जागा सुडांनी भरलेल्या.

तो 'पिव्हट' म्हणून खेळायचा. म्हणजे प्रतिपक्षाच्या बचाव करणाऱ्या गड्यांची भिंत असते तिच्या ऐन मधे, गोलकडे पाठ करून उभं राहायचं. चेंडू हातात आला की वळून फेकायचा. कबड्डीत चढाई करणाऱ्याला चौघांनी धरावं तशी ती अवस्था, फक्त इथं तासभर आणि पंचाला दिसणार नाही अशा बेतानं. कुणी जर्सी ओढतो, कुणी बरगडीत मूठ घालतो. "गोल करायला दुसरे आहेत," तो म्हणायचा. "मला पगार मार खाण्याचा मिळतो. पण खाल्लेला मार मी पचवत नाही."

ते खरंच होतं. करंगळी मोडणाऱ्या माणसाची त्यानं तीन मोसम वाट पाहिली. मग एका सामन्यात तो माणूस भरधाव येत असताना मार्साक फक्त त्याच्या वाटेत उभा राहिला. पाय रोवून, हात छातीशी. नियमाप्रमाणे बिनचूक. तो गडी त्याच्या छातीवर आपटला आणि दोन महिने घरी बसला. गुडघ्याची बातमी फोडणारा सहकारी लग्न करत होता, तर त्या लग्नात मार्साक बोलावणं नसताना गेला, पहिल्या रांगेत बसला आणि समारंभभर त्याच्याकडे नुसता बघत राहिला. नवरदेवाला अंगठी घालता येईना, असं तो सांगायचा. खरं-खोटं देव जाणे.

"सूड घ्यायचा तर समोरून घ्यावा," तो मला म्हणाला होता. "मी घेतला हे त्याला कळलं पाहिजे. नाहीतर तो अपघात झाला, लेले. अपघातात काय मजा?"

मला ही माणसाची जात नवीन होती. आमच्या घरात राग आला की माणसं जेवणाचं ताट थोडं जोरात ठेवायची, त्याच्यापुढे काही नाही. अपमान झाला की आपण हसतो आणि 'असू दे हो' म्हणतो. असू दे म्हटलेलं पुढे कुठं जातं, याचा विचार मी तेव्हा केला नव्हता.

आम्ही एकाच क्वार्टर्समध्ये राहायचो, तो दुसऱ्या मजल्यावर, आम्ही तिसऱ्या. पहिल्याच महिन्यात त्याची कचऱ्याची पिशवी कुणीतरी त्याच्या दारात परत आणून ठेवली. जळणारा आणि न जळणारा कचरा त्यानं एकत्र टाकला होता. वर एक चिठ्ठी. चिठ्ठी मी वाचून दाखवली. तीत रागाचा एक शब्द नव्हता, म्हणून तो जास्तच भडकला. इमारतीच्या मंडळाचे अध्यक्ष, एक निवृत्त गृहस्थ, यांचं ते काम होतं. मार्साकनं माझ्याकडून नियमांचा सगळा तक्ता समजून घेतला. दह्याच्या झाकणापासून बॅटरीच्या सेलपर्यंत. पाठ केला. आणि मग रोज सकाळी सात वाजता, हातात कॉफीचा मग घेऊन, कचऱ्याच्या जागेवर जाऊन उभा राहायला लागला. बायका घाबरून पिशव्या पुन्हा घरी नेऊन तपासायच्या. तीन आठवड्यांनी अध्यक्षांच्या पिशवीत त्याला एक पत्र्याचा डबा सापडला. त्यानं ती पिशवी दोन्ही हातांनी उचलली, त्यांच्या दारात नेली, बेल वाजवली आणि ते बाहेर येईपर्यंत थांबला. त्यानंतर अध्यक्ष त्याला दिवाळीसारख्या भेटवस्तू द्यायला लागले. पर्सिमनची फळं, बिस्किटं. त्यालाही ते आवडू लागले. हिशोब चुकता झाला की त्याच्या मनात काही उरत नसे. ही त्याची गोष्ट मला फार उशिरा कळली.

खेळाडू म्हणून तो उतरणीला लागला होता, हे मलाही दिसायचं. पण शिकवणं त्याच्या अंगात होतं. हँडबॉलमध्ये चेंडूवर पकड यावी म्हणून बोटांना राळ लावतात. ती जमिनीला, दाराच्या कड्यांना, सगळीकडे चिकटते. सरावानंतर ती खरवडायचं काम संघातल्या सगळ्यांत नव्या पोरांचं. मोठे खेळाडू तोवर अंघोळीला गेलेले असत. मार्साक पहिल्या दिवसापासून त्या पोरांबरोबर गुडघ्यांवर बसला. गुडघा दुखायचा, तरी. खरवडता खरवडता तो त्यांना सांगायचा की आज तू डावीकडे का वळलास, भिंतीत फट कुठं होती. मी मधे बसून भाषांतर करायचो. हळूहळू पोरांना माझी गरज लागेना. तो हिरागाना अक्षरं शिकायला लागला, मोठ्या चौकटींच्या वहीत, पहिलीतल्या मुलासारखा. प्रशिक्षक झालो की फळ्यावर लिहावं लागेल म्हणायचा. फ्रान्सला परत जाऊन करण्यासारखं त्याच्याकडे काहीही नव्हतं. "तिथं मी एक मोडका पिव्हट आहे," म्हणायचा. "इथं मला काहीतरी येतं."

आमच्याकडे तो जेवायला यायचा. वृंदाला त्या गावात बोलायला माणूस नव्हतं. मी सकाळी सातला जायचो, ती दिवसभर चौथऱ्यावर ठेवलेल्या मूर्तीसारखी त्या फ्लॅटमध्ये. मार्साक आला की थालीपीठ लावायची. तो त्यावर लोण्याचा गोळा ठेवायचा आणि डोळे मिटून खायचा. दोघांना एकमेकांचं निम्मं बोलणं कळायचं नाही, तरी हसणं चालू. मला त्याचं काही वाटत नव्हतं. खरंच नव्हतं. आज खोटं बोलून मला काय मिळणार आहे?

मग ती डिसेंबरची मेजवानी आली. वर्षअखेरीला संघ एकत्र जेवतो, पितो आणि वर्ष विसरून जातो, अशी तिथली पद्धत. त्या वर्षी आम्हा परदेशी मंडळींच्या बायकांनाही बोलावलं होतं. जेवण झाल्यावर प्रत्येकानं काहीतरी करून दाखवायचं. कुणी गाणं म्हटलं, कुणी बशा नाचवल्या. मार्साक उठला, निवा-सानांचा चष्मा मागून घेतला, कोटाची सगळी बटणं लावली, आणि लेले झाला.

आधी तो दाराला वाकला. मग वेटरला. मग साहेबांना, मग साहेबांच्या रिकाम्या आसनाला. एका पोरानं प्रशिक्षक होऊन त्याच्यावर मिनिटभर आरडाओरडा केला, मार्साकनं माझ्यासारखी मान तिरकी करून ते सगळं ऐकून घेतलं, दुसऱ्या बाजूला वळला, वाकला, आणि माझ्याच बारीक आवाजात म्हणाला, "ते म्हणतात, ते खूश आहेत." पुन्हा वाकला. शेवटी आरशात स्वतःलाच बघून वाकला.

माणसं चटईवर लोळून हसली. निवा-सान डोळे पुसत होते. मीही हसत होतो. आणि मग मला वृंदा दिसली. तोंडावर रुमाल धरून ती इतकी हसत होती की तिचे खांदे हलत होते. जपानला आल्यापासून, दोन वर्षांत, ती तशी हसलेली मी पाहिली नव्हती. परतताना गाडीत ती म्हणाली, "पण काही म्हणा हो, हुबेहूब केलं त्यानं. तुम्ही अगदी अस्से वाकता." आणि पुन्हा हसली.

मी म्हटलं, "हो ना."

दुसऱ्या दिवशी मार्साक माझ्याकडे आला आणि त्यानं विचारलं की राग तर नाही ना आला, आला असेल तर एक ठोसा मार, हा घे गाल. मी म्हटलं, छे, राग कसला. तो खूश होऊन गेला. तिथेच एक ठोसा मारला असता तर पुढचं काही घडलं नसतं. पण मी त्याच्यासारखा नव्हतो. मी वाट पाहायला लागलो. कसली, ते मलाही माहीत नव्हतं.

फेब्रुवारीत आमच्या संघाचा सामना एका मोटार कंपनीच्या संघाशी झाला. ती कंपनी आमची गिऱ्हाईक. आमचे निम्मे ब्रेक तिच्या गाड्यांना लागायचे. दुसऱ्या अर्ध्यात मार्साकची जर्सी मागून कुणीतरी धरली. तो सुटण्यासाठी वळला आणि त्याचं कोपर त्या खेळाडूच्या तोंडावर बसलं. पुढचे दोन दात पडले. पंचानं लाल कार्ड दाखवलं. मी बाकावर होतो, मला स्वच्छ दिसलं होतं. त्यात सूड नव्हता. इतकी वर्षं सूड समोरून घेत आलेल्या माणसाच्या हातून शेवटी खरोखरीचा अपघात झाला होता.

सोमवारी निवा-साननी मला बोलावलं. टेबलावर एक छापील नमुना होता. शिमात्सुशो. म्हणजे झाल्या गोष्टीबद्दल माफीचं पत्र. 'माझ्या हलगर्जीपणामुळे आपणांस त्रास झाला, पुन्हा असं होणार नाही.' खाली नाव, शिक्का. तिथल्या नोकरीत हे पत्र कुणाला चुकत नाही. निवा-सान स्वतः म्हणाले की त्यांनी आजवर चार लिहिली, त्यांतलं एक बर्फामुळे गाडी उशिरा पोचली म्हणून. दोष कुणाचा हा प्रश्नच नसतो. पत्र आलं की गिऱ्हाइकाला सांगता येतं की आलं, फाईल कपाटात जाते आणि विषय संपतो. "त्याला नीट समजावून सांगा, रेरे-सान," ते म्हणाले. "प्रशिक्षकपदाचा कागद वर सहीला गेलेला आहे. हे एक पान आलं की तो मोकळा. तुमचं तो ऐकेल."

मला समजावून सांगण्याची कुणाला गरज नव्हती. एक ड्रॉइंग चुकीच्या खात्यात गेलं म्हणून माझं स्वतःचं शिमात्सुशो त्याच कपाटात वर्षभर पडून होतं. त्यानंतर मला बढती मिळाली होती.

मार्साक जिमच्या पायरीवर बसला होता, कोपराला बर्फ बांधून. मी नमुना त्याच्या मांडीवर ठेवला आणि ओळ न् ओळ वाचून दाखवली. 

"मी मुद्दाम केलं असतं तर अशी दहा लिहून दिली असती," तो म्हणाला. "केलेल्याची मला कधी लाज वाटली नाही. पण हे मी केलेलं नाही. आमच्याकडे असं लिहून देणं म्हणजे कोर्टात कबुली. लेले, तुला ही माणसं माहीत आहेत. इथं याचा अर्थ काय होतो?"

अगदी सरळ प्रश्न. उत्तरही सरळ होतं. काही नाही, एक कागद असतो, लिही आणि चल जेवायला. एवढंच म्हणायचं होतं.

मी म्हणालो, "इथं लिहिलेलं कायम राहतं. पुढे काहीही झालं तरी ते काढून तुझ्यासमोर धरतील. तू केलं नाहीस, तर तुझ्यासारख्या माणसानं का वाकावं?"

'वाकावं' हा शब्द मी निवडून घेतला होता. तो उच्चारताना मला जे सुख झालं, ते मी आजतागायत कुणाला सांगितलेलं नाही. छातीत काहीतरी गरम पसरलं. त्यानं माझ्या खांद्यावर हात ठेवला आणि तो कागद चौघडी करून मला परत दिला.

निवा-सानना मी त्याचे शब्द जसेच्या तसे सांगितले. त्यानं केलेलं नाही, म्हणून तो लिहिणार नाही. त्यांनी दातांतून हवा आत ओढली, जपानी माणूस फार अडचणीत आला की ओढतो तशी. "ही नुसती पद्धत आहे, हे सांगितलंत ना?" त्यांनी विचारलं.

"हो," मी म्हटलं. आणि वाकलो.

ते स्वतः एकदा त्याच्याकडे गेले, मला घेऊनच. मार्साकनं मान हलवली. त्याच्या लेखी ते आता त्याला सापळ्यात पकडायला आले होते. पुढच्या महिन्यात पत्र आलं. आजवरच्या श्रमांबद्दल आभार, करार पुढे चालू ठेवता येत नाही याचा खेद. ते वाचूनही मीच दाखवलं. प्रशिक्षक म्हणून दुसऱ्या गावचा एक माणूस आला.

वृंदाला कळलं तेव्हा ती हातातलं काम ठेवून माझ्यासमोर बसली.

"एका पानासाठी? त्याला कुणी समजावलं नाही?"

"समजावलं."

"तुम्ही होतात ना तिथे?"

"होतो."

"मग? तुमचं तर तो ऐकायचा."

"नाही ऐकलं," मी म्हटलं. तिनं माझ्याकडे थोडा वेळ पाहिलं आणि ती पुन्हा कणीक मळायला लागली.

मार्साकचा शेवटचा महिना संतापात गेला. सगळा संताप निवा-सानांवर. त्यांनीच आपला काटा काढला, याबद्दल त्याच्या मनात तिळमात्र शंका नव्हती. मी त्याचा गैरसमज दूर केला नाही. उलट तो बोलायला लागला की मी मान डोलवायचो. निवा-सान आपल्या साहेबांकडे त्याच्यासाठी तीनदा रदबदली करून आले होते, हे मला ठाऊक होतं. त्या तीनही वेळा मी बाहेरच्या टेबलावर बसलेलो होतो.

एप्रिलमधल्या एका दुपारी आम्ही त्याला कोमाकीच्या विमानतळावर पोचवायला गेलो. वृंदा, मी आणि राळ खरवडणारी सात-आठ पोरं. पोरं रडत होती. निवा-सान येतील असं कुणाला वाटलं नव्हतं. ते आले. गडद सूट, हातात कापडात बांधलेली एक पेटी. त्यांनी ती दोन्ही हातांवर पुढे धरली आणि ते वाकले, इतके खोल की त्यांच्या टाळूवरचं विरळ झालेलं केसांचं वर्तुळ दिसलं. तसेच राहिले.

मार्साक त्यांच्यासमोर उभा राहिला. पेटीला त्यानं हात लावला नाही. मग सगळ्यांदेखत, सावकाश, त्यानं त्यांच्याकडे पाठ फिरवली आणि तो मोजून काही क्षण तसाच थांबला. पोरांनी रडणं थांबवलं. निवा-सान वर उठले तेव्हा त्यांचा चेहरा राखेसारखा झाला होता. ते माझ्याकडे बघत होते. मी काहीतरी सांगावं, भाषांतर करावं, म्हणून. मी माझ्या बुटांकडे पाहिलं.

मार्साक माझ्यापाशी आला, त्यानं मला छातीशी आवळलं आणि त्याच्या मोडक्या जपानीत, सगळ्यांना कळावं म्हणून मोठ्यानं म्हणाला, "या देशात मला एकच माणूस खरं बोलला." मग पिशवी खांद्याला अडकवून, गुडघा थोडा ओढत, तो आत गेला. मागे वळून पाहिलं नाही.

त्याचं पुढे एक कार्ड आलं होतं, गावाच्या पत्त्यासह. नगरपालिकेच्या जिममध्ये किल्ल्या सांभाळतो असं लिहिलं होतं. मी उत्तर दिलं नाही. निवा-सानांकडून दर नव्या वर्षाला शुभेच्छापत्र यायचं; एका वर्षी ते त्यांच्या मुलीच्या हस्ताक्षरात आलं, ते गेल्याचं कळवणारं.

त्यांना सांगायचं राहून गेलं ते गेलंच. मार्साक हयात असेल तर त्याच्या दारात जाऊन, त्याच्या तोंडावर, एवढं सांगण्याचं देणं मी लागतो: ते पत्र लिहिलं असतंस तर तू राहिला असतास, हे मला माहीत होतं; तू विचारलंस, आणि मी तुला खोटं सांगितलं; निवा-साननी तुझं काही वाईट केलं नव्हतं, केलं ते मी.